गावानेच टिपलेले गाव : खुंबूतील एका माहितीपटाबरोबरचा प्रवास

गुरुवार : मंथली, लुक्ला, मोंजो

नेपाळात एव्हरेस्टच्या पायथ्याशी असलेल्या खुंबू भागात जाण्यासाठी विमानाने लुक्ल्याला उतरतात. शरद ऋतूच्या गर्दीत लुक्ल्याची बहुतेक विमाने काठमांडूहून न सुटता रामेछाप जिल्ह्यातल्या मंथलीहून सुटतात, त्यामुळे मध्यरात्रीनंतर काठमांडू सोडून उजाडण्यापूर्वी मंथली गाठावी लागते. लुक्ल्याची धावपट्टी अवघी ५२७ मीटर लांब असून तिला सुमारे १२ टक्के चढ आहे. एडमंड हिलरी यांनी १९६४ मध्ये ती तयार करवून घेतली, तेव्हा भुसभुशीत माती घट्ट बसेना, म्हणून शेर्पा गावकऱ्यांना हातात हात गुंफून, पाय आपटत नाचायला सांगण्यात आले आणि त्या नाचाने जमीन दाबली गेली, अशी हकीकत हिलरींनीच सांगितली आहे. पाय आपटत ओळीने नाचायचा तो प्रकार म्हणजे शेर्पांचा श्याब्रू. विमानतळाच्या इतिहासात ही गोष्ट सर्वत्र सांगितली जाते. मात्र त्या दिवशी कोणती गाणी म्हटली गेली, पुरुषांनी कोणते कडवे उचलले आणि स्त्रियांनी त्याला काय उत्तर दिले, हे त्या गोष्टीत कोठेच येत नाही. मी ज्यांच्या कामात मदत करण्यासाठी खुंबूत निघाले होते, त्या चित्रपटकर्तीला नेमके हेच हवे आहे.

त्या मूळच्या खुमजुंगच्या. शिक्षण काठमांडूत झाले, काही वर्षे परदेशी चित्रणपथकांसाठी दुभाषी आणि व्यवस्थापक म्हणून काम केले आणि आता त्या स्वतः माहितीपट करतात. सगळे त्यांना दिदी म्हणतात, म्हणून मीही दिदीच म्हणू लागले. परदेशी पथकांबरोबर काम करताना त्यांच्या लक्षात आले की, कॅमेऱ्यासमोर शेर्पा माणूस जवळजवळ नेहमी एकाच विषयावर बोलतो: शिखर, दोर, ओझे आणि मृत्यू. तोच माणूस घरी आपल्या कुळाच्या दैवताविषयी, बटाट्याच्या वाणांविषयी किंवा आत्याच्या लग्नातल्या गाण्यांविषयी तासन्‌तास बोलू शकतो, पण ते विचारायला कोणी आलेले नसते. दिदींचा माहितीपट गावातली तरुण मुले चित्रित करतात. काय चित्रित करायचे हे गावातील बैठक ठरवते, मुलाखत शेर्पा भाषेत होते, आणि चित्रणाची पहिली प्रत गावातच राहते. माझे काम संकलनाच्या अनुभवातून आलेले, म्हणजे साठलेल्या चित्रणाची नीट सूची लावून देण्याचे होते.

मराठी माणसाला खुंबू अपरिचित नाही. २०१२ च्या मे महिन्यात पुण्याच्या ‘गिरिप्रेमी’ संस्थेच्या आठ गिर्यारोहकांनी एव्हरेस्ट गाठले, त्यानंतर या वाटेवरची गावे आपल्याकडच्या घराघरांत बोलली गेली. पण आपल्या बोलण्यात ती गावे मुक्कामाची ठिकाणे म्हणून येतात, कोणाचे तरी माहेर किंवा कोणाचे तरी शेत म्हणून येत नाहीत. लुक्ल्याहून मोंजोपर्यंतच्या पाच-सहा तासांच्या चालीत दिदी प्रत्येक वस्तीपाशी थांबून कोणाच्या घरी कोणती गोष्ट सांगणारे माणूस आहे ते सांगत होत्या, आणि त्याच वाटेचा एक निराळाच नकाशा तयार होत होता. दूधकोशीच्या काठाने जाणाऱ्या या वाटेवर मंत्र कोरलेल्या मणी-भिंती जागोजागी लागतात. भिंत उजव्या हाताला ठेवून पुढे जायचे, हा नियम खेचरांच्या तांड्यांमागून घाईने जाणारे पाहुणे अनेकदा मोडतात. बरोबरची मुले मात्र कॅमेऱ्याच्या तिपाया खांद्यावर घेऊनही वळसा चुकवत नव्हती.

शुक्रवार : नामचे बाजार

मोंजोला सगरमाथा राष्ट्रीय उद्यानाची हद्द सुरू होते. १९७६ मध्ये स्थापन झालेल्या आणि १९७९ मध्ये जागतिक वारसा ठरलेल्या या उद्यानात चित्रणासाठी वेगळी परवानगी लागते आणि ड्रोनवर कडक निर्बंध आहेत. दिदींना ड्रोन मुळातच नको आहे. वरून पाहिले की गाव सुंदर दिसते, पण घरात कोण बसले आहे ते कळत नाही, असे त्यांचे म्हणणे आहे आणि ते मला पटले.

नदीवरचा उंच झुलता पूल ओलांडल्यावरचा चढ दमवणारा आहे. ३,४४० मीटरवरचे नामचे डोंगराच्या अर्धवर्तुळात पायऱ्यापायऱ्यांनी वसले आहे. गावाच्या वरच्या अंगाला शेर्पा संस्कृतीचे संग्रहालय आहे, ते एका स्थानिक शेर्पा छायाचित्रकाराने उभे केले आहे. जुन्या पद्धतीच्या घरातली तांब्याची भांडी, चूल, देवघर असे सगळे तिथे मांडलेले आहे. बरोबरच्या मुलांपैकी दोघांनी यातील काही भांडी आपल्या आजीच्या घरी वापरात पाहिली होती. बाकीच्यांनी ती प्रथमच पाहिली. शेर्पा समाज तिबेटच्या खाम प्रांतातून सुमारे ५०० वर्षांपूर्वी निघून नांगपा ला ही ५,७०० मीटरहून उंच खिंड ओलांडून इकडे आला, असे मानले जाते. त्या खिंडीतून पुढे शतकानुशतके मीठ आणि लोकर खाली येत राहिली, धान्य वर जात राहिले. तिबेटमधील १९५९ च्या घडामोडींनंतर हा व्यापार आटला, आणि जवळपास त्याच सुमारास गिर्यारोहणाने दुसरा रोजगार दिला. एका पिढीत व्यापाऱ्यांचे आणि पशुपालकांचे गाव मार्गदर्शकांचे आणि लॉजचालकांचे गाव झाले. इतक्या वेगाने पालटलेल्या समाजात आजोबा आणि नातू एकाच चुलीपाशी बसून दोन निराळ्या जगांविषयी बोलतात, आणि त्या दोघांमध्ये भाषाही पालटलेली असते. नातू नेपाळी आणि इंग्रजी सफाईने बोलतो, शेर्पा भाषा समजतो, पण उत्तर मात्र नेपाळीत देतो.

संध्याकाळी सूचीचे काम सुरू केले. पहिली अडचण नावांची होती. शेर्पांमध्ये बहुधा जन्मवारावरून नाव ठेवतात: रविवारचा निमा, सोमवारचा दावा, मंगळवारचा मिंगमा, मग ल्हाक्पा, फुर्बा, पासांग आणि शनिवारचा पेम्बा. आडनाव बहुतेकांचे शेर्पा. जुन्या मोहिमांच्या कागदपत्रांत एकाच यादीत तीन-तीन पासांग सापडतात आणि त्यांतला कोण कोणाचा बाप हे आज कोणालाही सांगता येत नाही. म्हणून आमच्या सूचीत प्रत्येक नोंदीला गाव, कूळ, घराची ओळख आणि आईवडिलांची नावे हे रकाने ठेवले. या नोंदी मुले देवनागरीत करतात. शेर्पा भाषा तिबेटी लिपीतही लिहिली जाते, पण शाळेत शिकलेली लिपी देवनागरी असल्याने तिच्यात हात भरभर चालतो, आणि मला अर्थ न कळताही सूची वाचून तपासता आली.

शनिवार : नामचेचा आठवडी बाजार

शनिवारच्या बाजारात खालच्या गावांतून तांदूळ, भाजी, मांस पाठीवर वाहून आणणारे विक्रेते पहाटेच मांडून बसतात. दोन मुलांनी फक्त आवाज टिपला. भावाची घासाघीस तीन भाषांत चालू होती, आणि एका म्हाताऱ्या गिऱ्हाइकाने मोजणी मात्र अखेरपर्यंत शेर्पा भाषेतच केली. सकाळी ठरावीक वेळेनंतर हेलिकॉप्टरांची ये-जा सुरू होते आणि मग खुंबूत सलग पाच मिनिटांचा स्वच्छ आवाज मिळणे कठीण होते, म्हणून महत्त्वाची प्रत्येक मुलाखत उजाडताच घ्यायची हा नियम इथेच पक्का झाला.

दुपारी दिदींनी एका घरी जुन्या छायाचित्रांच्या मोठ्या प्रती पसरल्या. ऑस्ट्रियात जन्मलेले आणि लंडनमध्ये अध्यापन करणारे मानववंशशास्त्रज्ञ क्रिस्टोफ फॉन फ्युरर-हैमेनडॉर्फ १९५३ पासून खुंबूत वारंवार येऊन राहिले. त्यांनी काढलेली छायाचित्रे लंडनच्या ‘सोआस’ या संस्थेत जतन झाली आहेत. त्या संस्थेने ती जपली नसती तर आज पाहायलाही मिळाली नसती, हे कृतज्ञतेने म्हटले पाहिजे. तरीही ज्यांचे चेहरे त्यात आहेत त्यांच्या गावात ती कित्येक दशके पोहोचली नव्हती. सत्तरी ओलांडलेल्या तीन स्त्रियांनी त्या प्रती हातात घेतल्या आणि पुढचे दोन तास कोणालाही प्रश्न विचारावा लागला नाही. कोणाच्या गळ्यातली माळ कोणाकडे गेली, कोणते घर दोन भावांत वाटले गेले, चित्रात मागे दिसणारे शेत आता कोणत्या लॉजखाली गेले, हे सगळे त्या एकमेकींना दुरुस्त करत सांगत होत्या. चित्रण करणारी मुलगी त्यांतल्याच एकीची नात होती. बाहेरच्या माणसासमोर ज्या गोष्टी सांगायला संकोच वाटला असता, त्या आजी नातीच्या अंगावर खेकसत सांगत होती, आणि नात कॅमेरा न हलवता ऐकत होती. माहितीपटाच्या तंत्रावर मी बरेच वाचले आहे, पण कॅमेऱ्यामागे कोण उभे आहे याने समोरचा शब्द किती बदलतो, हे मला त्या खोलीत जितके स्पष्ट दिसले तितके कोणत्याही पुस्तकात दिसले नव्हते.

रविवार : थामे

नामचेहून पश्चिमेला भोटेकोशीच्या खोऱ्याने थामेकडे जाणारी वाट एव्हरेस्टच्या मुख्य वाटेपेक्षा खूप शांत आहे. नदीवरच्या पुलाजवळ कातळावर गुरू रिंपोछे आणि इतर देवतांची मोठी चित्रे रंगवलेली आहेत. ३,८०० मीटरवरचे थामे हे तेनझिंग नोर्गे यांच्या बालपणाचे गाव. एव्हरेस्टवर विक्रमी वेळा गेलेले आपा शेर्पा आणि कामी रिता शेर्पाही याच गावचे.

१६ ऑगस्ट २०२४ रोजी वरच्या खोऱ्यातील हिमतलाव फुटून आलेल्या पुराने थामेची घरे, लॉज, शाळा आणि आरोग्यचौकी उद्ध्वस्त केली. पूर दुपारी आल्याने जीवितहानी झाली नाही. याच परिसरात ४ ऑगस्ट १९८५ रोजी डिग छो हा हिमतलाव फुटला होता आणि जवळजवळ पूर्ण झालेला जलविद्युत प्रकल्प वाहून गेला होता. म्हणजे दोन पुरांमध्ये पुरते चाळीस वर्षांचेही अंतर नाही. गावात फिरताना दगडगोट्यांचा आणि रेतीचा पट्टा शेतांच्या मधून थेट गेलेला दिसतो, आणि त्याच्या कडेला अर्धी उरलेली भिंत पाहून घर केवढे असेल याचा अंदाज करावा लागतो.

पुरानंतर आलेल्या बातम्यांत वाहून गेलेल्या इमारती मोजल्या गेल्या. दिदींच्या गटाने गावाला विचारले की तुमचे काय गेले, तेव्हा मिळालेली उत्तरे वेगळी होती. एकाने कुटुंबाची पोथी सांगितली, दुसऱ्याने बियाण्याचे बटाटे, तिसऱ्याने दगडाच्या कुंपणांची ती आखणी, जिच्यावरून कोणते शेत कोणत्या भावाचे हे ठरत असे. या शेवटच्या उत्तरामुळे गटाने एक वेगळेच काम हाती घेतले आहे. जुने लोक रेतीच्या पट्ट्यावर चालत जातात, कुंपण कोठे होते ते काठीने दाखवतात, शेताचे नाव सांगतात, आणि एक मुलगा ते सलग चित्रित करतो. चित्रपट म्हणून पाहिले तर हे कंटाळवाणे चित्रण आहे: एक माणूस चालतो, थांबतो, नाव उच्चारतो, पुन्हा चालतो. मला ते या संपूर्ण संग्रहातले सर्वांत मोलाचे चित्रण वाटले, कारण जमिनीची ही नावे सरकारी नकाशावर नाहीत आणि ती उच्चारणारी माणसे वृद्ध आहेत.

गावाने एक गोष्ट चित्रणाबाहेर ठेवली आहे. १८ एप्रिल २०१४ रोजी खुंबू हिमप्रपातात हिमस्खलन होऊन १६ नेपाळी कामगार मृत्युमुखी पडले. त्यानंतर इथल्या घराघरांत कॅमेरे शिरले आणि विधवांना तोच प्रश्न पुन्हा पुन्हा विचारला गेला. म्हणून पर्वतावर गेलेल्या माणसांविषयी मुलांनी आपणहून काहीही विचारायचे नाही, घरच्यांनी विषय काढला तरच ऐकायचे, असे बैठकीत ठरले आहे. हा निर्बंध पाळून माहितीपट अपुरा राहील अशी शंका कोणी घेईल. माझ्या मते तो याच निर्बंधामुळे खरा झाला आहे.

सोमवारचा सगळा दिवस थामेहून नामचेमार्गे खुमजुंगला पोहोचण्यात गेला.

मंगळवार आणि बुधवार : खुमजुंग

खुमजुंग ३,७९० मीटरवर, खुंबिला या पवित्र पर्वताच्या पायथ्याशी आहे. खुंबिला हे खुंबूचे दैवत मानले जाते. ५,७६१ मीटर उंचीच्या त्या पर्वतावर चढाई केली जात नाही. जगातल्या सर्वोच्च शिखरावर माणसे पोहोचवणाऱ्या समाजाने आपल्या दारातला तुलनेने छोटा पर्वत तसाच राखला आहे. हिलरी यांच्या पुढाकाराने १९६१ मध्ये सुरू झालेली शाळा याच गावात आहे. शाळेने या समाजाला अक्षरे दिली, संधी दिली आणि पुढे ज्यांना परवडले त्यांची मुले काठमांडूच्या वसतिगृहांत, तेथून न्यूयॉर्कच्या क्वीन्सपर्यंत गेली. अनेक घरांत आता म्हातारी माणसे आणि भाड्याने ठेवलेला राखणदार एवढेच असतात.

मंगळवारचे चित्रण ‘नावा’ या विषयावर होते. नावा म्हणजे गावाने आळीपाळीने नेमलेले राखणदार. बटाट्याचे पीक शेतात असताना गुरे गावाच्या हद्दीत येऊ नयेत, चराई, गवतकापणी आणि लाकूडतोड ठरलेल्या दिवसांपूर्वी सुरू होऊ नये, हे पाहण्याचा आणि मोडणाऱ्याकडून दंड घेण्याचा अधिकार त्यांना असतो. जंगलासाठी वेगळे नावा असत. १९५७ मध्ये नेपाळ सरकारने जंगलांचे राष्ट्रीयीकरण केले आणि पुढे राष्ट्रीय उद्यान आले, तेव्हा जंगल राखण्याची ही गावकी व्यवस्था दुबळी झाली. गुरांची आणि शेताची व्यवस्था मात्र काही गावांत टिकून राहिली. पूर्वी नावा म्हणून काम केलेल्या एका आजोबांनी शेताच्या बांधावर बसून दंडाची पद्धत सांगितली. कोणाच्या गुरांनी नियम मोडला, तर नावा पहिला दंड आपल्या नातेवाइकाकडून घेत असे, म्हणजे पुढे कोणी तोंड उघडत नसे. सोबत बसलेल्या दुसऱ्या आजोबांना हे मान्य नव्हते. त्यांच्या आठवणीत नातेवाइकाला सांभाळून घेणारे नावाही पुष्कळ होते. मुलांना वाटले की आता कोणते खरे धरावे हा प्रश्न आहे. दिदींनी दोघांचेही बोलणे तसेच पुढे चालू ठेवायला सांगितले. गावाच्या आठवणीला एकच सूर नसतो, आणि जतन करायचे तर हा मतभेदही जतन करायला हवा, यावर त्या ठाम आहेत.

दुपारी घरातल्या चुलीपाशी रिकी कुर झाले. कच्चे बटाटे खरखरीत दगडावर किसून, त्यात थोडे पीठ मिसळून केलेले हे धिरडे याकच्या लोण्याबरोबर आणि मिरचीच्या ठेच्याबरोबर खातात. बटाटा खुंबूत एकोणिसाव्या शतकाच्या मध्याला आला आणि त्याने इथली लोकसंख्या, मठांना मिळणारे दान, हिवाळ्याची बेगमी असे सारे बदलले. हिवाळ्यात बटाटे आजही जमिनीत खड्डा करून पुरून ठेवतात. किसणाऱ्या बाईंच्या हातांचे चित्रण करणारा मुलगा सुरुवातीला फार जवळ गेला होता. त्या बाईंनीच त्याला मागे सरकवून सांगितले की, हात दिसतात पण मी कोणाशी बोलते ते दिसत नाही. पुढचे चित्रण त्या म्हणाल्या तसे झाले आणि चौकटीत चूल, सून, दारातून डोकावणारे शेजारी असे सगळे घर आले.

खुमजुंगच्या मठात ‘येती’ची, म्हणजे हिममानवाची, म्हणून जपलेली डोक्याची कातडी आहे. १९६० मध्ये हिलरी ती एका गावप्रमुखासह शिकागो, पॅरिस आणि लंडनला घेऊन गेले होते आणि तज्ज्ञांनी ती रानशेळीवर्गातील प्राण्याच्या कातडीपासून बनवलेली असल्याचे मत दिले. गावाने ती ठरल्या मुदतीत परत आणण्याच्या अटीवर दिली होती, आणि ती परतही आली. इथल्या लोकांना या हकिकतीतला परतीचा भाग अधिक महत्त्वाचा वाटतो.

बुधवारी लग्नगाणी टिपली. शेर्पांचे लग्न एका दिवसात लागत नाही. मागणी घालण्याचा सोदेने, मग देमछांग आणि अखेरीस झेंदी हे टप्पे पूर्वी कित्येक वर्षांत पसरलेले असत. मधल्या काळात मूलही होई आणि त्यात कोणाला गैर वाटत नसे. आता हे टप्पे हंगाम नसलेल्या थोड्या आठवड्यांत उरकावे लागतात, आणि प्रत्येक टप्प्याची वेगळी गाणी होती ती एकमेकांत मिसळून गेली आहेत. शेजारच्या खुंदे गावाहून आलेल्या एका आजींनी देमछांगची दोन कडवी म्हटली आणि तिसऱ्यापाशी त्या थांबल्या. त्यांना ते आठवेना. बराच वेळ त्या मनाशी पुटपुटत राहिल्या, आणि शेवटी आठवले की निरोप पाठवीन असे सांगून निघून गेल्या.

गुरुवार आणि शुक्रवार : टेंगबोचे, मणि रिम्दू

खुमजुंगहून नदीपर्यंत उतरून पुन्हा सुमारे ६०० मीटर चढल्यावर ३,८६७ मीटरवरचा टेंगबोचे मठ येतो. लामा गुलू यांनी तो १९१६ मध्ये स्थापन केला. १९३४ च्या भूकंपात तो कोसळला, पुन्हा बांधला गेला. १९ जानेवारी १९८९ रोजी विजेच्या बिघाडाने लागलेल्या आगीत पुन्हा जळाला आणि १९९३ मध्ये परत उभा राहिला. त्या आगीत पोथ्या, मूर्ती आणि भित्तिचित्रे गेली. आपल्याकडे मूकपटांच्या काळातील बहुतांश चित्रपट नष्ट झाले, त्याची हळहळ पुण्यातील चित्रपट संग्रहालयाशी संबंध आलेल्या प्रत्येकाला ठाऊक आहे; म्हणून मठाच्या नव्या भिंतींसमोर उभे असताना एकच प्रत असणे किती धोक्याचे असते, हा विचार माझ्या मनातून जाईना. आमच्या सूचीतील प्रत्येक चित्रणाच्या तीन प्रती तीन ठिकाणी ठेवण्याचा आग्रह मी त्याच संध्याकाळी धरला आणि गटाने तो मान्य केला.

मणि रिम्दू हा उत्सव एव्हरेस्टच्या तिबेटकडील बाजूच्या रोंगबुक मठातून विसाव्या शतकात इकडे आला. त्याचे विधी कित्येक दिवस चालतात, आणि लोकांसाठीचे शेवटचे तीन दिवस पौर्णिमेच्या आसपास येतात: पहिल्या दिवशी आशीर्वाद, दुसऱ्या दिवशी मुखवट्यांचे छम नृत्य, तिसऱ्या दिवशी अग्निविधी. आशीर्वादाच्या दिवशी लहान लाल गोळ्या वाटल्या जातात, त्यासाठी दूरच्या वस्त्यांतून वृद्ध माणसे चालत आली होती.

शुक्रवारी मठाच्या अंगणात लांब शिंगे वाजली, झांजा आणि ढोल सुरू झाले आणि एकामागून एक नृत्ये होऊ लागली. अंगणाच्या दोन बाजू पाहुण्यांच्या कॅमेऱ्यांनी भरल्या होत्या. सगळ्यांची भिंगे मुखवट्यांवर होती. आमच्या मुलांपैकी एकाने कॅमेरा उलट दिशेला, गॅलरीत बसलेल्या गावकऱ्यांकडे वळवला होता. मी त्याच्याशेजारी होते. मधल्या विनोदी प्रवेशात लांब दाढीचा म्हातारा, मि छेरिंग, येतो. तो पूजा करू पाहतो आणि प्रत्येक वेळी काहीतरी बिघडते. आजी-आजोबांना पुढे काय होणार ते ठाऊक असते, त्यामुळे ते घटनेच्या आधी हसू लागतात आणि त्यांच्या मांडीवरची मुले त्यांच्याकडे पाहून हसतात. हा उत्सव एका पिढीकडून दुसरीकडे कसा जातो, हे मला त्या चित्रणाच्या काही मिनिटांत प्रत्यक्ष पाहायला मिळाले. मुखवट्यांचे उत्तम चित्रण जगात पुष्कळ आहे. गॅलरीतल्या त्या चेहऱ्यांचे फारच थोडे असेल.

मठाने रक्षक देवतांच्या आतल्या खोलीत कॅमेरा नेऊ दिला नाही, आणि तो न्यावा असे मुलांपैकी कोणालाही वाटले नाही.

शनिवार : पांगबोचे

पांगबोचेचा मठ खुंबूतला सर्वांत जुना मानला जातो. सतराव्या शतकातील लामा सांगवा दोर्जे यांनी तो स्थापन केला. त्यांनी आपले केस कापून उधळले आणि त्यांतून मठाभोवतीची धूपीची झाडे उगवली, अशी कथा आहे. ती झाडे कोणी तोडत नाही. या मठात येतीचा म्हणून एक हात जपला होता. १९५९ मध्ये एका परदेशी शोधकाने त्यातले एक बोट नेले. पुढे १९९१ मध्ये तो हात एका अमेरिकन दूरचित्रवाणी कार्यक्रमात गाजला आणि त्यानंतर लवकरच चोरीला गेला. लंडनमध्ये सापडलेल्या त्या बोटाची २०११ मध्ये तपासणी झाली, तेव्हा ते माणसाचे निघाले. त्याच वर्षी न्यूझीलंडमध्ये तयार केलेली हाताची प्रतिकृती मठाला भेट मिळाली. मूळ हात परत आलेला नाही.

पांगबोचेचे लोक कॅमेऱ्याबाबत इतर गावांपेक्षा सावध का आहेत, हे यातून कळते. इथल्या बैठकीत दिदींना दोन तास उत्तरे द्यावी लागली. चित्रण कोणाच्या मालकीचे, महोत्सवात दाखवले तर पैसे कोणाकडे, सांगणाऱ्याने नंतर नको म्हटले तर काय. प्रत्येक मुलाखतीपूर्वी संमतीचा मजकूर शेर्पा भाषेत वाचून दाखवला जातो आणि संमती तोंडीच टिपली जाते. पूर्ण झालेले चित्रण गावात दाखवल्यावर सांगणाऱ्याने पुन्हा होकार दिला तरच ते बाहेर जाते. दुसऱ्या संमतीची ही पायरी कोणत्याही निर्मात्याला गैरसोयीची वाटेल, कारण तयार झालेला प्रसंग त्यामुळे हातातून जाऊ शकतो. दिदींनी असे प्रसंग सोडून दिलेले आहेत. पांगबोचेने अखेरीस मठाच्या कथा सांगायला होकार दिला, वस्तू दाखवायला दिला नाही.

सोमवार : खुमजुंगमधील खेळ

रविवारी परत येऊन आम्ही चित्रणाचे तुकडे जोडले. थंडीत बॅटऱ्या लवकर उतरतात, म्हणून त्या रात्री अंथरुणात घेऊन झोपावे लागे आणि सकाळी उबदार असतानाच वापराव्या लागत. सोमवारी संध्याकाळी शाळेच्या एका खोलीत पडदा लावला. खुंदेहूनही लोक आले.

थामेच्या रेतीवरून चालणारे चित्रण मी मध्येच आटोपते घ्यावे असे सुचवले होते. दिदींनी ते पूर्ण ठेवले. पडद्यावरचा माणूस शेताचे नाव उच्चारी आणि खोलीतून कोणीतरी त्याच्या पुढच्या शेताचे नाव आधीच सांगे. एकदा दोन नावे एकाच वेळी आली आणि त्यावर वाद पेटला. थामेला दिलेल्या एका बहिणीने तो मिटवला. मुलांनी तो वाददेखील ध्वनिमुद्रित केला आणि मूळ चित्रणाच्या नोंदीला जोडला. ‘नावा’ राखणदारांविषयी बोलणारे दोन्ही आजोबा शेजारी बसून स्वतःला पडद्यावर भांडताना पाहत होते, आणि खेळ संपल्यावर त्यांनी आणखी एका वर्षाची हकीकत सांगायची राहिली असे कळवले. रिकी कुर करणाऱ्या बाईंनी आपल्या प्रसंगाला होकार दिला, मात्र सुनेचे एक वाक्य काढायला लावले. ते तिथल्या तिथे काढले गेले.

त्यानंतर बैठक बसली. पुढचे मोठे चित्रण जून-जुलैत येणाऱ्या दुमजीचे करायचे ठरले. मणि रिम्दू मठाचा उत्सव, तर दुमजी गावाचा. त्याचा खर्च आणि जेवणावळी आळीपाळीने ठरलेली कुटुंबे सांभाळतात, आणि परदेशी गेलेल्या मुलांनाही आपली पाळी आली की पैसे पाठवावे लागतात किंवा स्वतः यावे लागते. या वेळी मठातल्या विधींइतकेच स्वयंपाकघराचे चित्रण व्हावे असा आग्रह स्त्रियांनी धरला, आणि त्याची जबाबदारी नामचेच्या त्या नातीकडे दिली. प्रतींपैकी एक शाळेत, एक मठात आणि एक काठमांडूत राहील. शाळेतल्या प्रतीची किल्ली कोणाकडे असावी यावर बराच वेळ गेला. शेवटी दरवर्षी नावा बदलतो तशी किल्लीही बदलावी, ही सूचना सर्वांना मान्य झाली.

खुंदेच्या आजी बैठक संपेपर्यंत थांबल्या होत्या. त्यांना तिसरे कडवे आठवले होते, आणि एक चौथेही. सकाळी हेलिकॉप्टरे सुरू होण्याआधी मुलांनी आपल्या घरी यावे, असे त्यांनी बजावले आणि येताना त्यांच्या धाकट्या जावेलाही घेऊन यावे, कारण उत्तराच्या ओळी तिच्याकडे आहेत.